आई नको म्हणाली होती

बसा हो, एका फिल्मवाल्याची गोष्ट सांगतो.

त्याच्या फिल्ममध्ये गोष्ट ना बिष्ट. नुसत्या रिकाम्या गल्ल्या, बसथांबे, दोरीवरचे कपडे, आणि मागे गाणं. घशाच्या ऑपरेशननंतर त्याची आई एकटी असली तरच गुणगुणायची. "हा फाटका आवाज भरून ठेवू नकोस रे," असं तिने बजावलं होतं. यानं औषधांच्या बाटल्यांमागे रेकॉर्डर लपवला.

आई गेली. तिच्या गुणगुणीवर केलेली फिल्म लोकांनी डोक्यावर घेतली. मग त्यानं ती बहिणीला दाखवली.

"आई नको म्हणाली होती ना, दादा? टाळ्यांसाठी केलंस?"

त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिच्यासमोरच त्यानं फिल्ममधला सगळा आवाज पुसला आणि फिल्म पुन्हा लावली.

पडद्यावर बसथांबा आला. गुणगुण चालूच.

"पुसलंस ना?"

"तुझ्यासमोर पुसलं की गं!"

त्यानं स्पीकरची वायर उपटली, कॉम्प्युटर बंद केला. गुणगुण थांबेना. मधेच सूर चिरकला आणि अगदी त्यांच्या पाठीमागे कुणीतरी ओशाळून खाकरलं.

दोघांनी वळून न बघता कान झाकले.

तुम्हालाही ऐकू येत असेल तर तिला लाजवू नका बाबांनो, कान झाका.