मातीवाल्यांची पंगत

अपोरोसाने भाजलेल्या डुकराची तंगडी पुतण्याच्या पानाकडे सरकवली, तेव्हा त्याचा हिशेब सरळ होता. पोराने एक घास खाल्ला की काम झालं. पोरगं परकं ठरेल, संध्याकाळच्या बोटीने शहरात, सुवाला, परत जाईल, आणि थोरल्या भावाचा यावू, म्हणजे घर ज्यावर उभं होतं तो मातीचा ओटा, अपोरोसाकडेच राहील. ओट्यावर त्याने कसाव्याचे कंद लावले होते. कसावा हक्क सांगत नाही.

पुतण्याला, पेनियासीला, तोच ओटा हवा होता. बाप शहरात वारला, पोरगा शहरातच वाढला, आता बायको आणि दोन मुलींना घेऊन गावी घर बांधायचं म्हणत होता. सकाळी त्याने वडीलधाऱ्यांपुढे यंगोनाच्या मुळांची जुडी ठेवली; मागणं मांडायचं तर ही पेयाची मुळं आधी द्यावी लागतात. रीतीच्या टाळ्या वाजवताना चुकला. जुडी सगळ्यांनी आनंदाने घेतली. जागेचं नाव कुणी काढलं नाही. मातीवाल्यांचा प्रमुख अपोरोसाच. तो म्हणाला, "पोरगं गोड आहे हो. पण पाहुणा. पाहुण्याला चटई द्यावी, ओटा कशाला?"

वनुआ म्हणजे जमीन, एवढं पेनियासी शाळेत शिकला होता. शाळेचं चूक नव्हतं, थोडं अपुरं होतं. गावात त्या एका शब्दात जमीन येते, तिच्यावरची माणसं येतात, आणि त्या माणसांनी कुणासमोर काय खायचं तेही येतं. मातीवाले डुकरं पाळतात, पाणीवाले मासे धरतात. दोघे एका पंगतीला बसले की मातीवाल्याने डुकराला शिवायचं नाही, पाणीवाल्याने माशाला. आपण मिळवलेलं समोरच्याने खायचं. आणि आज समोर सगळे पाणीवाले बसले होते.

"खा रे," अपोरोसा म्हणाला. "सुवात असं कुठलं मिळायला!"

पेनियासीने घास घेतला. चांगला मोठा घेतला.

 मग पाणीवाल्यांच्या बाजूने लोसालिनी म्हातारीने चटईवर थाप मारली. "दंड! मातीवाल्याने आमच्या देखत डुक्कर खाल्लं! दंड!"

तिच्यामागे सगळे पाणीवाले हसत ओरडायला लागले. पेनियासीचा घास गालातच राहिला. शेजाऱ्याने त्याच्या कानात नेम सांगितला, तेव्हा त्याची मान खाली गेली. झालं, आता कुठला ओटा!

"सोडा हो मावशी," अपोरोसा मायेने म्हणाला. "परका आहे तो. त्याला काय ठाऊक! पाहुण्याला सगळं माफ असतं."

म्हातारी हिरमुसली. दंड म्हणजे डुक्कर, आणि डुक्कर हातचं चाललं होतं. ती पेनियासीकडे वळली. "तूच सांग रे बाबा. पाहुणा असशील तर खा पोटभर, आमचं काही म्हणणं नाही. ह्यांचा असशील तर मात्र सुटका नाही."

पेनियासीने काकाकडे पाहिलं. काका मान हलवून खुणावत होता: पाहुणा म्हण, सुटशील. त्या मान हलवण्यातच पोराला सगळं समजलं: पाहुणा म्हटलं की ओटा गेला. त्याने घास गिळला, तंगडी पानावर ठेवली.

"आजी," तो म्हणाला, "माझा दंड किती?"

पाणीवाल्यांनी अशी आरोळी ठोकली की बाहेरची कुत्री उठून बसली. मातीवाल्यांतही हसू पसरलं. दंड भरतो तो आपलाच, हे त्यांना कुणी समजवायला नको होतं. एकाने तर सरकून पेनियासीला पंगतीत वरची जागा दिली आणि त्याच्या पानात मासा वाढला.

"दंड मोठ्ठा!" लोसालिनी म्हणाली. "तुझं सगळ्यात मोठं डुक्कर."

"माझ्याकडे डुक्कर नाही, आजी."

"तुझ्याकडे कशाला हवं? पोराचा दंड घरच्या कर्त्याने भरायचा. हो की नाही रे, अपोरोसा?"

अपोरोसाने इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. सगळं गाव त्याच्याकडे बघत होतं. तो उठला, कुंपणापाशी गेला, आणि आपली पोसलेली डुकरीण दोरीला धरून घेऊन आला. पाणीवाल्यांनी हात पुढे केले, पण म्हातारीने त्यांना थांबवलं. दंड न बोलता घेत नाहीत, कुणाचा ते बोलावं लागतं.

अपोरोसा तिच्यासमोर मांडी घालून बसला, दोरी पुढे केली आणि सगळ्या गावाच्या देखत म्हणाला, "आमच्या घरच्या पोराची चूक झाली."