बुडालेल्या बोटीचं नाव

"बुडालेल्याचं नाव पाळण्यात घालायचं न्हाई," भिमाबाईंनी पाळण्याभोवतीच्या बायकांना सांगून टाकलं.

नाव सूर्यभानचं होतं. भिमाबाईंचा हा नेव्हीतला धाकटा मुलगा एकाहत्तरच्या डिसेंबरच्या लढाईत बोटीसकट समुद्रात गेला. तेव्हापासून पुणतांब्यात राहूनही त्या गोदावरीच्या घाटावर उतरल्या नव्हत्या. आज थोरल्या मुलाच्या लेकाचं बारसं होतं. नाव ठेवायचा मान आत्याचा, म्हणजे त्यांच्याच लेकीचा, भागीरथीचा. तिच्या मनात एकच नाव होतं. आज ते सुटलं, तर भावाच्या नावानं या घरात पुन्हा कुणी हाक मारणार नव्हतं.

बायकांनी दुसरी नावं सुचवून पाहिली. कुणी देवाचं, कुणी पत्रिकेतल्या अक्षराचं. भागीरथीनं सगळी शांतपणे ऐकून घेतली आणि ओसरीवर बसलेल्या रंगनाथला आत बोलावलं. रंगनाथ भिंगारचा, सूर्यभानबरोबरच नेव्हीत भरती झालेला, पण दुसऱ्या बोटीवर. लढून बुडालेल्या बोटीच्या नावाचं तुमच्याकडं काय करतात, असं तिनं त्याला सगळ्यांसमोर विचारलं.

रंगनाथला विचार करावा लागला नाही. असं नाव टाकून देत नाहीत, तो म्हणाला. राखून ठेवतात, आणि पुढं नवी बोट बांधली की तिला देतात. दुसऱ्या देशांची आरमारंसुद्धा हेच करतात.

भिमाबाईंनी त्याच्याकडं रोखून पाहिलं. "आन् त्या नव्या बोटीवर चढायला पोरांना भ्या वाटत न्हाई?"

"वाटतं की, मावशी. म्हनून तर ती जास्त ध्यान ठिवत्यात."

बाळाची आई विजयमाला इतका वेळ बाळाला छातीशी घट्ट धरून बसली होती. ती उठली.

"वन्सं, याला आधी पवायला शिकवायचं," ती म्हणाली, आणि बाळ तिनं नणंदेच्या हातात दिलं.

भागीरथीनं त्याला पाळण्यात ठेवलं आणि वाकून कानात नाव सांगितलं. मग मान वर करून, ओसरीपर्यंत ऐकू जाईल असं पुन्हा सांगितलं. रिवाजाप्रमाणं बायकांच्या बुक्क्या तिच्या पाठीवर पडू लागल्या, हसत, हलक्या हातानं. त्यांत एक चांगलीच जोरात बसली.

भागीरथीनं वळून पाहिलं. बायकांत येऊन उभ्या राहिलेल्या भिमाबाईंची मूठ दुसऱ्यांदा वर गेली होती.