कुत्र्याचं वाक्य

“थांबा!” मुकुंदरावांनी तालमीत काठीच आपटली. “‘सासऱ्यापेक्षा त्याचा कुत्रा बरा, चावण्याआधी भुंकतो तरी,’ हे माझं वाक्य कुठे गेलं?”

मुकुंदरावांच्या तरुणपणी गाजलेला फार्स पुन्हा रंगमंचावर येत होता. नवा नायक चाचरला, “सर, जुनाट वाटलं, म्हणून गाळलं.”

“जुनाट? अरे, या वाक्यावर लोक खुर्चीतून खाली पडायचे! लेखक अजून जिवंत आहे. माझ्या नाटकातल्या स्वल्पविरामालाही हात लावायचा नाही!”

कोपऱ्यात जुन्या संचातले नायक, पेडणेकर, चहा पीत बसले होते. ते ठसका लागेपर्यंत हसले. “मुकुंदा, ते वाक्य मी पदरचं घातलं होतं. त्यावरूनच तर तू मला नाटकातून काढलंस! आठवतं का?”

नवा नायक छताकडे बघू लागला. मुकुंदरावांचे कान तापले. ते वाक्य स्वतःचं म्हणून ऐकवत सत्कारांमध्ये घेतलेल्या टाळ्या त्यांना एकदम आठवल्या. पण माघार घेईल तो नाटककार कसला?

“तुला काढलं,” काठी सावरत ते गरजले. “वाक्य कुठे काढलं होतं?”