बा मिलूदचा आवाज

बुधवारी सकाळी अकराच्या सुमारास कासाब्लांकातल्या दर्ब घल्लेफच्या बाजारात बेकायदा मालाचं तपासणी पथक शिरलं आणि गल्लीतली शटरं धडाधड खाली आली. कन्सोल दुरुस्त करणाऱ्या तौरियाचं तेवढं वर राहिलं.

तिच्या टेबलावर व्हिडिओ गेमचा जुना कन्सोल पोट वर करून ठेवला होता. लेन्स झिजली की तो असा उलटाच सीडी वाचतो. सीडीवर फुटबॉलचा गेम होता. याच गल्लीतल्या पोरांनी कधीकाळी त्यात आपले संघ घातले होते आणि समालोचन पुदिन्याचा चहा विकणाऱ्या बा मिलूदकडून करून घेतलं होतं. आता वाचली जाणारी ही एकच सीडी उरली होती. तौरिया तो गेम कॉपी केलेले गेम चालावेत म्हणून कंपनीचं सॉफ्टवेअरचं कुलूप तोडलेल्या नव्या कन्सोलवर उतरवत होती. मध्येच वीज गेली, तर सीडी पुन्हा वाचली जाईल याची खात्री नव्हती.

बा मिलूद शेजारीच स्टुलावर बसले होते. घशाच्या ऑपरेशनपासून त्यांना आवाज नव्हता.

"बंद कर गं बाई!" समोरच्या शटराआडून बूशाइब ओरडला. "तुझ्या डोक्याचंही कुलूप तोडलंय का कुणी?"

"सीडी वाचून होऊ दे," तौरिया म्हणाली.

अधिकारी दारात आला. त्याने नव्या कन्सोलकडे बोट दाखवलं. "कुलूप तोडलेला आहे?"

"हो."

"तोंडावर कबूल करतेस?"

"लपवायचं असतं तर शटर ओढलं असतं, साहेब. जप्त करा, मला न्या. पण हे संपल्यावर."

"प्लग काढ रे," अधिकारी शिपायाला म्हणाला.

बा मिलूद उठले. त्यांनी स्टूल भिंतीपाशी सरकवलं आणि प्लगला पाठ लावून बसले.

"उठा, बा. वयाला शोभतं का हे?"

ते हलले नाहीत.

"बहिरे आहेत का?"

"मुके आहेत," तौरिया म्हणाली. "कान ठणठणीत आहेत."

कुठल्याशा शटराआड कुणीतरी फिसकन हसलं.

"बोलता येत नाही, तर अडून कशाला बसलेत?"

"बोलता येत नाही म्हणूनच."

दुपारच्या अजानपर्यंत प्लग निघालेला नव्हता. पथकाने आणखी माणसं मागवली होती. बूशाइबने शटर हातभर उचलून साहेबांना बसायला खोकं दिलं होतं. गेम किती उतरला ते दाखवणारी पडद्यावरची पट्टी साहेब बघत होते. ती पाऊण भरली होती आणि बराच वेळ तिथेच थांबली होती.