ओळखीचं कुणी नसलेलं गाव

चर्चच्या मागच्या अंगणात लोरेनने गाडी लावली, दार उघडलं आणि शेजारच्या गाडीतून मार्ला उतरली. दोघी जागच्या जागी थिजल्या. आपल्या गावात एकाच रस्त्यावर समोरासमोर राहणाऱ्या या बायका. घरी काही न सांगता, तासभर गाडी हाकून दोघी या परक्या गावात आल्या होत्या. इथल्या चर्चच्या तळघरात गुरुवारी फुकट शिधा मिळतो. तसा तो त्यांच्या गावातही मिळतो. मार्लाच तिथे गरिबांसाठी खाण्याचे बंद डबे गोळा करते. पण आमच्या आयोवातल्या लहान गावांत कुणाची गाडी कुठे उभी होती, हे संध्याकाळपर्यंत अख्ख्या गावाला कळतं.

"अगं, तू इकडे कुठे?" मार्लाने विचारलं.

"मी होय? मदतीला आलेय. वाटायला इथे हात कमी पडतात म्हणे." लोरेनच्या तोंडून थाप निघून गेली आणि तिचं तिलाच नवल वाटलं.

"काय सांगतेस! मीही त्याचसाठी."

आता माघार कशी घ्यायची? लोरेनच्या फ्रिजमध्ये दोन अंडी आणि तळाला गेलेला सॉस होता. शाळा सुटली की मुलं घरी येऊन आधी फ्रिजच उघडणार होती. तरी ती हसत हसत मार्लाच्या मागून पायऱ्या उतरली.

तळघर सांभाळणाऱ्या म्हाताऱ्या ओल्गाबाईंना आनंदच झाला. त्यांनी दोघींना एप्रन दिले, मार्लाला पीनट बटरच्या बरण्यांपाशी उभं केलं आणि लोरेनला मक्याच्या डब्यांपाशी. वरच्या खिडकीतून रस्त्यावरची नुसती चाकं दिसत होती. मक्याने भरलेले ट्रक कोठाराकडे चालले होते, संपता संपत नव्हते. तो मका गुरांना घालायचा आणि इंधन करायचा. लोरेनच्या हातातल्या डब्यांवर दुसऱ्याच राज्याचं नाव होतं.

"यंदा पीक काय आलंय ना!" मार्ला म्हणाली.

"ठेवायला जागा नाही म्हणतात," लोरेन म्हणाली.

रांगेतले लोक पिशव्या पुढे करत होते, मान खाली घालून 'थँक यू' म्हणत होते. एका आजोबांनी लोरेनचा हात हातात घेऊन तिला आशीर्वाद दिला. तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं. फळी रिकामी होत चालली, तशी ती उरलेले डबे मनात मोजू लागली.

शेवटचा माणूस गेला तेव्हा फळीवर थोडंच उरलं होतं. दोघींनी एप्रन काढून दिले. ओल्गाबाईंनी त्यांना मिठी मारली आणि दार लावून घेतलं.

"तू हो पुढे," अंगणात आल्यावर मार्ला म्हणाली. "मला इथे जरा काम आहे."

"मलाही आहे."

"तुझं गं काय काम?"

"आणि तुझं?"

दोघी आपापल्या गाडीत बसल्या. एक डावीकडे वळली, एक उजवीकडे. घराच्या रस्त्याला कुणीच लागलं नाही. लोरेनने कोठाराला वळसा घातला आणि परत आली, तर मार्ला आधीच पायऱ्यांवर उभी राहून दार ठोठावत होती. तिने वळून पाहिलं. या वेळी दोघींनाही थाप सुचली नाही. लोरेनला लाज वाटली, आणि लाजेहून जास्त हायसं वाटलं. ती जाऊन मार्लाशेजारी उभी राहिली.

ओल्गाबाईंनी दार उघडलं. "काही विसरलात का?"

बाईंनी एकदा हिच्याकडे पाहिलं, एकदा तिच्याकडे, आणि आतून दोन खोकी आणली.

"घरात खाणारी किती?"

मार्ला जमिनीकडे बघत राहिली. लोरेनच बोलली.

"हिच्या घरी तिघं. सासूबाईंना दात नाहीत, मऊ काही असेल तर बघा."

"आणि हिच्या घरी पाच," मार्ला हळूच म्हणाली. "थोरल्याला जरा जास्तीचं द्या. आमच्या झाडाखाली पडलेली सफरचंदं तो अंधारात वेचून नेतो. मी मुद्दाम अंगणातला दिवा लावत नाही."