हेमांगीची जागा

अठ्ठावीस वर्षांनी हेमांगी आयर्लंडमधल्या कॉर्कच्या विद्यापीठात आली, लेकीला वसतिगृहावर सोडायला. परतताना पाय आपसूक विद्यार्थ्यांच्या वृत्तपत्राच्या खोलीकडे वळले.

"मी इथं सदर लिहायचे," ती म्हणाली. तिथल्या संपादक मुलीनं कौतुकानं जुने अंक काढून दिले.

वडील गेल्याचा फोन आला, तेव्हा शिक्षण अर्धवट टाकून ती साताऱ्याला निघून गेली होती, कुणाचा निरोपही न घेता. त्यानंतरचा अंक ती आज पहिल्यांदाच पाहत होती.

तिच्या सदराची जागा कोरी होती. खाली तेव्हाच्या संपादकानं, डेक्लननं, एवढंच छापलं होतं, 'ही जागा हेमांगीची आहे.' पुढच्या अंकातही तसंच. थेट वर्षअखेरपर्यंत.

"आता काय लिहिता?" मुलीनं विचारलं.

"काहीच नाही गं," हेमांगीनं डोळे पुसले. "पण जरा पेन दे बघू."