मेलेल्यांनी हलायचं नाही

वस्तीतल्या पोरांना घेऊन बाईंनी एक जुनी, भारदस्त शोकांतिका बसवली होती. तालमीत त्यांचा घसा बसला तो एकाच वाक्यापायी: "मेलेल्यांनी हलायचं नाही!"

आज मात्र पोरांनी कमाल केली. तलवारी खणखणल्या, विषाचा पेला रिकामा झाला आणि राजा, राणी, सेनापती स्टेजभर आडवे झाले. कुणाची पापणीही लवत नव्हती. प्रेक्षक मुसमुसत होते, विंगेत बाईंचा ऊर भरून आला.

तेवढ्यात बाहेरून कुणीतरी ओरडलं, "नळाला पाणी आलं!"

राणी झगा खोचून पळाली. सेनापतीने तलवार टाकून बादली गाठली. राजाने तर सिंहासनच उचललं, म्हणजे घरून आणून पालथं घातलेलं पिंप. पाठोपाठ प्रेक्षकही पसार. बाई मटकन खाली बसल्या. सगळ्यावर बोळा फिरला होता.

पण थोड्या वेळाने सगळे परतले. प्रेक्षक आपापल्या जागी बसले. ओलीचिंब प्रेतं स्टेजवर चढली आणि जिथे मेली होती तिथेच मुकाट आडवी झाली.

पहिल्या रांगेत राजाच्या आईला पुन्हा हुंदका फुटला.

"मर रे बाळा आता निवांत," ती म्हणाली. "पिंप भरलंय."